कॅलेडोनियाची यादी

आमच्या मेट्रनला कोणी इंग्लिश म्हटलेलं खपत नसे. पेशंटचे नातेवाईक, दारावरचे पहारेकरी, इतकंच काय हॉस्पिटलचा मुदीर, म्हणजे संचालकसुद्धा तिला ‘इंग्लीझिया’ म्हणायचा, आणि प्रत्येक वेळी ती चालता चालता थांबायची, बोट वर करायची आणि म्हणायची, “नो. स्कॉटिश.” समोरच्याला त्यातलं काही कळायचं नाही. तो हसून मान हलवायचा आणि दुसऱ्या दिवशी परत इंग्लीझियाच म्हणायचा.

मला मात्र ती ‘माय बॉम्बे गर्ल’ म्हणायची. मी महाडची. नर्सिंग मिरजेला शिकले, नोकरी पनवेलला केली, आणि मुंबई पाहिली ती इंटरव्ह्यूपुरती आणि विमानापुरती. हे मी तिला तीन-चार वेळा सांगितलं. “हो, हो, बॉम्बेजवळ,” असं म्हणून ती पुढे जायची. मला तेव्हा त्याचं वाईटही वाटलं नाही. उलट तेवढ्या नर्सेसमधून मेट्रनने आपल्याला काहीतरी नाव दिलंय, याचंच कौतुक वाटायचं. हे आधीच सांगून टाकते, कारण पुढे जे झालं त्यात माझा भोळेपणा किती आणि माझी लबाडी किती, ते मला अजून नीट वेगळं काढता आलेलं नाही.

सौदीतल्या हुफूफच्या त्या हॉस्पिटलात मी डायलिसिस युनिटला होते. घरी तीन वर्षांची मुलगी होती, तिला सासूबाई सांभाळायच्या. नवरा शाळेत मास्तर. दोन वर्षांचा करार करून मी आले होते. आमचं कंपाउंड एकच होतं, पण त्याचे दोन भाग होते. पुढे गोऱ्या डॉक्टरांचे आणि मेट्रनचा असे सहा बंगले, त्यांच्यापुढे बोगनवेली आणि पाण्याचे नळ. मागे तीन मजली हॉस्टेल, त्यात आम्ही, म्हणजे हिंदुस्थानी आणि फिलिपिनो नर्सेस. मध्ये खांद्याएवढी भिंत आणि भिंतीत एक फाटक. फाटक कधीच बंद नसे. तिकडे जाऊ नका असंही कोणी कधी म्हटलं नव्हतं. बोलावल्याशिवाय आम्ही जात नव्हतो, एवढंच.

मला बोलावणं आलं ते माझ्या अक्षरामुळे. ड्युटीचे तक्ते मेट्रन पेन्सिलीने खरडायची आणि ते कोणाला वाचता येत नसत. माझं अक्षर स्वच्छ, म्हणून दर गुरुवारी दुपारी तिच्या बंगल्यावर जाऊन मी ते शाईने उतरवून द्यायला लागले. पहिल्याच दिवशी तिच्या दारावरची लाकडी पाटी वाचली. कॅलेडोनिया. मला वाटलं, तिच्या आईचं नाव असेल.

ती मोठ्याने हसली. “आमच्या देशाचं नाव आहे ते,” चहा ओतता ओतता तिने सांगितलं. “रोमन लोकांनी दिलेलं. त्यांनी खालचं सगळं ब्रिटन जिंकलं, पण आम्हाला नाही जिंकता आलं. डोंगरातून आमची माणसं खाली उतरायची आणि त्यांना झोडपून परत वर जायची. शेवटी दमले बिचारे. आडवी भिंत घातली आणि तिच्यापलीकडे बसून राहिले.”

मी विचारलं, “म्हणजे नाव तुमच्या शत्रूंनी ठेवलं?”

तिने कप खाली ठेवून माझ्याकडे पाहिलं. “तू हुशार आहेस,” ती म्हणाली.

त्या एका वाक्यावर मी आठवडाभर खूश होते.

औषधांच्या स्टोअरमध्ये दाभोळचे एक चाचा होते. वीस वर्षं सौदीत काढलेले, कोकणी मुसलमान. माझ्याशी मराठी बोलायला मिळतं म्हणून त्यांना आनंद आणि मला त्यांच्याहून जास्त. त्यांना मी हे नाव सांगितलं तर त्यांनी कपाळावर हात मारून घेतला. “अगो बाय, त्या नावाची बोट होती! माझा बाप आगवाला होता तिच्यावर. तळाला, बॉयलरपाशी. वरच्या डेकावर काय हाय, ते त्यानं उभ्या जन्मात बघितलंन नाय.” मग हेपॅरिनचे खोके मोजता मोजता म्हणाले, “नाव मात्र बोटीवर सोनेरी अक्षरात होतं, म्हणायचा.”

नव्वद सालच्या ऑगस्टमध्ये इराकने कुवेत घेतलं. दोन दिवसांत हुफूफच्या रस्त्यांवर कुवेती नंबरच्या मोटारी दिसायला लागल्या. टपावर गाद्या, आत दाटीवाटीने माणसं आणि सगळ्यांच्या चेहऱ्यावर धूळ. आमच्याकडे डायलिसिसला कुवेतचे चार पेशंट वाढले. मग अमेरिकन सैनिक आले. दुकानांतून बाटलीबंद पाणी आणि चिकटपट्टी गायब झाली. नवऱ्याचं पत्र आलं, “नोकरी गेली खड्ड्यात, मिळेल त्या विमानाने ये.” त्याला काय सांगणार? पासपोर्ट ऑफिसच्या कपाटात. देशाबाहेर जायला कफीलची, म्हणजे ज्याच्या नावावर व्हिसा त्या मालकाची सही लागते, आणि कफीलने सगळ्यांच्या रजा बंद केलेल्या. मी उलट लिहिलं की इथे सगळं शांत आहे, काळजी नसावी.

नोव्हेंबरातल्या एका गुरुवारी तक्ते उतरवून झाल्यावर मेट्रनने दार लावून घेतलं.

“तुझ्यावर माझा विश्वास आहे,” ती म्हणाली. “वेळ आली तर आम्हाला इथून निघावं लागेल. यादी तयार आहे. दूतावासाकडून निरोप आला की मी तुला युनिटमध्ये फोन करीन आणि एकच शब्द सांगीन. कॅलेडोनिया. तू लगेच उरलेल्या पाच बंगल्यांना फोन करायचा आणि तोच शब्द सांगायचा. बाकी काही बोलायचं नाही. अर्ध्या तासात सगळे एकेक बॅग घेऊन गेटवर.”

“आणि मी?” मी विचारलं. विचारताना माझा आवाज इतका बारीक झाला होता, की माझा मलाच राग आला.

तिने माझ्या खांद्यावर हात ठेवला. “तुझी काळजी घेतली जाईल, डिअर. पण कोणाला बोलू नकोस. हॉस्टेलमध्ये घबराट होईल.”

ती मला नेणार असं तिने म्हटलं नव्हतं. त्या वाक्याची मी नंतर शंभर वेळा उलटतपासणी केली आहे. तिने तसं म्हटलं नव्हतं. पण ज्या मुलीला गुप्त शब्द सांगितला, तिला मागे कोण ठेवील? मी असा हिशेब केला आणि तो माझ्यापुरता पक्का होऊन बसला.

आता माझ्या खोलीच्या जोडीदारणीबद्दल सांगायला हवं. ती केरळची, कोट्टायमकडची, माझ्याहून दोन वर्षांनी मोठी, आणि माझ्याच युनिटला. आम्हा दोघींत एक खोली, एक किटली, एक ट्रान्झिस्टर. मी आले तेव्हा पहिला महिनाभर मुलीच्या आठवणीने जेवत नव्हते, तर ही बाई ड्युटीवरून येऊन माझ्यासाठी वेगळा, कमी तिखटाचा रस्सा करायची. आमचं बोलणं हिंदीत. तिचं हिंदी माझ्याहून मोडकं, पण ती लाजायची नाही. तिच्या घरातलं एकही पत्र असं नव्हतं जे तिने मला वाचून दाखवलं नाही.

डिसेंबरात एकदा कपडे वाळत घालताना तिने विचारलं, “मेट्रन तुमको कुछ बोला क्या? ये लोग जाएगा क्या?”

“नहीं,” मी म्हणाले. “मुझे क्या बोलेगी?”

तिने लगेच विश्वास ठेवला. त्याच संध्याकाळी ती जेवण करत असताना मी माझी निळी बॅग भरली. सर्टिफिकेटं, मुलीचे फोटो, दोन साड्या, एक स्वेटर आणि घरी न्यायला खजुराचं पाकीट. ती बॅग मी कपाटात मागे, कपड्यांच्या खाली सरकवून ठेवली. महिनाभर ती तिथे होती. रोज सकाळी कपाट उघडताना मी तिच्याकडे पाठ करून उभी राहायचे.

जानेवारीच्या मध्यावर इराकला दिलेली मुदत संपत आली. त्या दिवशी सकाळची पाळी होती आणि युनिटमध्ये आम्ही दोघीच होतो. तिसरी नर्स फिलिपिनो, ती दुपारी येणार होती. जोडीदारणीकडे दोन पेशंट, माझ्याकडे एक. खजुराच्या बागांकडच्या एका खेड्यातली म्हातारी बाई. हज करून आलेली, म्हणून तिला आम्ही सगळे हज्जा म्हणायचो. मशीनवर तिचे अजून दोन तास राहिले होते. तिचं प्रेशर मध्येच पडायचं, म्हणून तिच्याजवळून हलायचं नाही असा नियम होता, आणि तो नियम तक्त्यावर मीच शाईने लिहिला होता.

फोन वाजला. मेट्रनचा आवाज अगदी नेहमीसारखा. “कॅलेडोनिया,” आणि फोन बंद.

मी पाच फोन लावले. पाचही बंगल्यांवर लगेच उचलला गेला. कोणी “राइट” म्हणालं, कोणी “थँक यू” म्हणालं. एका डॉक्टरच्या बायकोने नुसता श्वास सोडला. मग मी जोडीदारणीला म्हटलं, “हज्जा को देखना जरा. मैं आती हूँ.”

“कितना टाइम?”

“बस, अभी आई.”

खोलीवर धावत गेले, बॅग ओढून काढली, युनिफॉर्मवरच बुरख्यासारखी काळी अबाया चढवली आणि गेटवर पोचले. पांढरी बस उभी होती, इंजिन चालू. तिथून रियाध, रियाधहून जेद्दाह, तिथून विमान. बंगल्यांतली माणसं उन्हात शांतपणे रांगेत उभी होती. खांद्याला विषारी वायूसाठीच्या मास्कचे खोके अडकवलेले. मेट्रन हातात यादी घेऊन एकेकावर खूण करत होती. मी रांगेत शेवटी उभी राहिले.

ती माझ्यापाशी आली. माझ्याकडे पाहिलं, मग बॅगेकडे.

“ओ माय डिअर,” ती म्हणाली. “तू बॅग आणलीस?”

मी बॅग दुसऱ्या हातात घेतली.

“तुझा पासपोर्ट ऑफिसात आहे ना. तुमचा करार वेगळा आहे. तुमच्या लोकांचं तुमचा दूतावास बघेल.”

“तुम्ही मला शब्द सांगितला होता,” मी म्हणाले.

“फोन करण्यासाठी सांगितला होता. आणि तू तो फार उत्तम केलास.” तिने खरोखर माझं कौतुक केलं. मग पर्समधून किल्ल्यांचा एक जुडगा काढला. “ही औषधांच्या कपाटाची, ही माझ्या घराची. मांजराला रोज एकदा खायला घाल. फ्रिजमधलं सगळं तुम्ही मुली संपवून टाका, वाया जायला नको.”

मी किल्ल्या घेतल्या. वर “येस, मेट्रन,” असंही म्हणाले. आजही आठवलं की अंगावर काटा येतो तो त्या दोन शब्दांनी. तिने मला नेलं नाही याचा राग आहेच, पण त्याहून मोठा राग आहे तो माझ्या तोंडून इतक्या सवयीने निघालेल्या त्या ‘येस’चा. बसमधून दोघा-तिघांनी हात हलवला. मीही हलवला.

परत युनिटमध्ये आले तेव्हा हज्जाच्या पलंगाची डोक्याकडची बाजू खाली केलेली होती, सलाइन भरभर सुटत होतं आणि जोडीदारीण एका हाताने तिची नाडी धरून दुसऱ्या हाताने मशीनची गती कमी करत होती. तिचे दोन पेशंट घाबरून माना उंचावून बघत होते. हज्जाचा चेहरा राखेसारखा झाला होता. दहा मिनिटांनी तिने डोळे उघडले. माझ्याकडे बघून क्षीण आवाजात विचारलं, “वेन रुहती?” म्हणजे, कुठे गेली होतीस?

मी तिची चादर सारखी केली. जोडीदारणीने माझ्या पायाशी ठेवलेल्या बॅगेकडे बघितलं. युनिटच्या खिडकीतून गेट सरळ दिसायचं, हे मी पार विसरले होते.

“तुमको मालूम था,” ती म्हणाली.

“सुनो तो...”

“कब से?”

“नवंबर से.”

ती हज्जाचं प्रेशर परत मोजायला वळली. पंपाची हवा सोडता सोडता एवढंच म्हणाली, “बता देती. मैं रोकती थोड़ी.”

दोन-तीन दिवसांत युद्ध पेटलं, आणि ते संपेपर्यंत आमच्यात कामापुरतंच बोलणं झालं. किती युनिट हेपॅरिन दिलं, कोणाचं वजन किती, कोणाचं मशीन कधी बंद करायचं. खोलीत ती येशूच्या तसबिरीकडे तोंड करून बसायची. मला वेगळा रस्सा बंद झाला, पण तिचा तिखट रस्सा माझ्या ताटात वाढलेला असायचा. तो खाताना माझ्या डोळ्यांतून पाणी यायचं आणि ते तिखटाने येतंय असं समजायची आम्हा दोघींना सोय होती.

बाकीच्यांना वॉर्डांकडे हलवलं होतं, आणि आठ नर्सेसचं काम आम्ही तिघी करत होतो. इराकी क्षेपणास्त्रांचा सायरन बहुतेक वेळा दिवस मावळताना व्हायचा. खिडक्यांना चिकटपट्ट्या, दाराच्या फटीत ओला टॉवेल, तोंडावर ओला टॉवेल. आमच्यासाठी मास्क मागवलेत, असं ऑफिस सांगायचं. चाचा रोज स्टोअरच्या दारात उभे राहून विचारायचे, “काय गो बाय, मास्क आले काय?” आणि स्वतःच उत्तर द्यायचे, “येतील, येतील. लढाई खलास झाली की येतील.”

मांजराला खायला घालायला मी रोज दुपारी फाटकातून पलीकडे जायचे. आता मला कोणी बोलावत नव्हतं आणि अडवायलाही कोणी नव्हतं. बंगला थंड होता, स्वच्छ होता. मांजर खात असताना मी मेट्रनच्या खुर्चीत बसायचे. एके दिवशी तिच्या कपाटातलं एक जाडजूड पुस्तक काढलं, तिच्या देशाच्या इतिहासाचं. त्यात पाटीवरच्या त्या नावाचं एक अख्खं प्रकरण होतं.

तिने सांगितलं ते खोटं नव्हतं, पण अर्धं होतं. तिकडे डोंगरात अनेक टोळ्या राहत होत्या, त्यातल्या एका टोळीचं नाव रोमन लोकांनी सरसकट सगळ्यांना लावून टाकलं होतं. त्या टोळ्या स्वतःच्या देशाला काय म्हणत होत्या, ते लिहून ठेवायला त्यांच्यात कोणी नव्हतं. रोमन निघून गेले, राज्य बुडालं, नाव पुस्तकांत पडून राहिलं. शेकडो वर्षांनी त्याच मुलखातल्या शिकलेल्या लोकांनी ते उचललं आणि अभिमानाने मिरवलं. कवितांत घातलं, बोटींवर रंगवलं. पनामाच्या किनाऱ्यावर जाऊन त्यांनी एक वसाहत केली, तिलाही तेच नाव दिलं. तिथे माणसं तापाने आणि उपासमारीने पटापट मेली, आणि उरलेली वसाहत सोडून निघून गेली. पुढे एका इंग्रज कप्तानाने पॅसिफिक समुद्रातल्या एका बेटाला तेच नाव नव्याने ठेवलं. तिथे राहणाऱ्या माणसांना कोणी विचारलं नसणार. मग ते बेट फ्रेंचांनी घेतलं आणि आपले कैदी तिथे नेऊन टाकले.

मी पुस्तक मिटलं आणि तशीच बसून राहिले. मला मेट्रनचं ते वर केलेलं बोट आठवलं. आपल्याला भलतं नाव कोणी दिलं की किती झोंबतं, हे जगात कोणाला ठाऊक असेल तर ते तिला. आणि तरी दीड वर्षात तिला महाड म्हणता आलं नाही. मी त्या खुर्चीत बसून हे मोठ्याने मराठीत बोलले. मांजर दचकून पलंगाखाली गेलं.

त्याला काढायला वाकले, तर पलंगाखाली एक खोका होता. आत मास्क. न वापरलेला, प्लॅस्टिकमध्ये गुंडाळलेला. तिला एक जास्तीचा मिळाला असावा आणि बॅग एकच न्यायची म्हणून तो राहिला असावा. मी तो उशीच्या अभ्र्यात घालून खोलीवर आणला आणि माझ्या खाटेखाली ठेवला.

त्याच संध्याकाळी सायरन झाला. जोडीदारीण तिच्या खाटेवर ओल्या टॉवेलने नाक-तोंड झाकून बसली, डोळे मिटून ओठ हलवत. मी माझ्या खाटेवर. मी हात खाली सोडला, खोका हाताला लागला. मी एकटीने तिच्यासमोर मास्क घालणं मला जमलं नाही. तिला द्यायचा, तर कुठून आणलास, कधी आणलास, हे सांगावं लागलं असतं. आणखी एक चोरून ठेवलेली गोष्ट तिच्यापुढे उघडी करायची माझ्यात हिंमत नव्हती. मी हात वर घेतला आणि टॉवेल तोंडावर दाबून धरला. त्यानंतर जितके सायरन झाले, तितक्या वेळा आम्ही दोघी ओले टॉवेल घेऊन बसलो आणि मास्क खाटेखाली पडून राहिला. सुदैवाने आमच्या भागात वायूही आला नाही आणि आगही लागली नाही. पण ते आम्हाला तेव्हा ठाऊक नव्हतं.

फेब्रुवारीअखेर लढाई थांबली. मार्चमध्ये बंगल्यांतली माणसं परत आली. मेट्रनचा चेहरा विश्रांती घेतलेल्या माणसाचा होता. युनिटसाठी तिने चौकडीच्या चित्राचा बिस्किटांचा डबा आणला. हज्जाला तिने जवळ घेतलं. आम्हा तिघींना “माय ब्रेव्ह गर्ल्स” म्हणाली. मांजर जाड झालंय म्हणून माझे आभार मानले. गुरुवारी मला बोलावलं आणि बंगल्यातल्या सामानाची यादी पुढे ठेवली.

“एक मास्क कमी आहे,” ती म्हणाली.

“माझ्याकडे आहे.”

तिने पेन्सिल खाली ठेवली. मग तिचा चेहरा मऊ झाला. “तू घाबरली होतीस. मी समजू शकते. मी हे वर कळवणार नाही. आपल्या दोघींत राहू दे.”

दोघींतली एक गोष्ट मी आधीच एकदा सांभाळली होती.

“कळवा,” मी म्हणाले.

“काय?”

“कळवा, मॅडम. मास्क मी घेतला, हे लिहा. तुम्ही गेलात तेव्हा तो तुमच्या पलंगाखाली पडला होता, हे पण लिहा. आणि युनिटमध्ये तीन नर्सेस होत्या आणि एकीलाही मास्क नव्हता, हेही लिहा.”

तिची मान लाल झाली, मग कान. ती खुर्चीतून उठून उभी राहिली. “मी तुझ्याशी नेहमी चांगली वागले आहे,” ती म्हणाली. आवाज कापत होता. मला वाटतं, तिला खरंच तसं वाटत होतं.

तिने कळवलं. ऑफिसकडून मला दोन भाषांत पत्र आलं, सुरक्षेचं साहित्य परवानगीशिवाय हलवल्याबद्दल ताकीद. पलंगाखालचं आणि तीन नर्सेसचं त्यात काही नव्हतं. मी सही केली. जूनमध्ये करार संपला तो पुढे वाढवला नाही. युनिट माझ्या जोडीदारणीच्या हाती दिलं, आणि ते योग्यच झालं.

निघायच्या दिवशी चाचांनी घरच्यांसाठी खजूर दिले. जोडीदारणीने प्रवासासाठी लिंबूभाताचा डबा भरून दिला. मी तिचा हात धरला आणि जे पाच महिने म्हणता आलं नव्हतं ते म्हटलं, “मुझे माफ कर दो.”

तिने हात सोडवून घेतला नाही. “खलास,” ती म्हणाली. तिकडे संपलं, झालं, पुरे, या सगळ्याला हाच एक शब्द आहे. त्यातलं तिने मला कोणतं दिलं, ते मी धाहरानच्या विमानतळापर्यंत शोधत होते.

महाडला आले तर मुलगी माझ्याकडे येईना. सासूबाईंच्या पदराआडून बघत राहिली. तिला माझी सवय व्हायला पाऊसकाळ गेला. नवऱ्याने शाळेत, शेजारीपाजारी सगळ्यांना सांगितलं होतं की आमची ही युद्धात पेशंटांजवळ थांबली. मीच तसं पत्रात लिहिलं होतं. ऑफिसने सोडलं नाही, बसमध्ये घेतलं नाही, हे लिहवलं नव्हतं, म्हणून लिहिलं होतं की पेशंटांना सोडून येता येत नाही.

दिवाळीनंतर गावातल्या महिला मंडळाने माझा सत्कार ठेवला. खुर्च्या भरलेल्या. शाल दिली, नारळ दिला. मंडळाच्या अध्यक्षबाई जोरात बोलल्या. “गोरे लोक पळून गेले,” त्या म्हणाल्या, “पण आपली ही लेक मशीनवरच्या पेशंटाच्या उशापासून एक पाऊलही हलली नाही!” टाळ्या झाल्या. पहिल्या रांगेत नवरा मुलीला मांडीवर घेऊन बसला होता आणि तिचे हात धरून तिला टाळ्या वाजवायला लावत होता.

मग त्यांनी मला दोन शब्द बोलायला सांगितलं. मी उभी राहिले. तोंड उघडलं. समोर सगळ्या बायका माना उंचावून वाट बघत होत्या. मी “धन्यवाद” म्हणाले आणि खाली बसले. घरी येताना नवरा म्हणाला, “आणखी थोडं बोलायचं होतंस. लोकांना ऐकायचं होतं.”